ज्येष्ठ कलाकारांवरील माहितीपट : काम सोपवण्यापूर्वी हे वाचा

आपल्या गुरूंवर, घरातल्या ज्येष्ठ गायक-वादकांवर माहितीपट करावा असं मनात आलं की बहुतेक जण अमृतमहोत्सवाची किंवा सत्काराची वाट पाहतात. असे माहितीपट करणारे म्हणून आमचा आग्रह आहे, निमित्तासाठी थांबू नका. गळा गाता आहे, हात चालता आहे, तोवर चित्रीकरण सुरू करा. पुरस्कारांची यादी आणि फोटो नंतरही जमवता येतात.

आम्ही मुलाखतीपेक्षा तालमीला जास्त वेळ देतो. ‘बालपणाबद्दल सांगा’ म्हटलं की अनेकदा सांगून झालेलंच उत्तर येतं. तेच समोर शिष्याला बसवा. त्यानं दरबारी रागातला गंधार (ग हा स्वर) आंदोलन, म्हणजे संथ झोका, न देता सरळ लावला की गुरुजी लगेच थांबवतात, स्वतः लावून दाखवतात आणि आपल्या गुरूंनी तो कसा घोटून घेतला होता, तेही ओघात सांगून जातात. आम्हाला हवं असतं ते हे.

ध्वनिमुद्रणात आम्ही तडजोड करत नाही. गळा, तंबोरे, तबला आणि पेटी यांचे ट्रॅक वेगवेगळे घेतो. पंखा, एसी बंद ठेवावे लागतात. थोडं उकडेल, त्याची तयारी ठेवा. तंबोरे जुळायला लागेल तेवढा वेळ लागू द्या. घोडीवर, म्हणजे तारा जिथे टेकतात तिथे, तारेखाली असलेला जवारीचा दोरा केसभर सरकवला की तार कशी बोलू लागते, हेही आम्ही टिपतो.

एक राग तरी अखंड घेतो. विलंबित, म्हणजे संथ लयीतल्या, एकतालात 12 मात्रांचं एक आवर्तन (तालाची एक फेरी) जवळजवळ मिनिटभर चालू शकतं. ते मध्येच कापलं तर समेवर, म्हणजे आवर्तनाच्या पहिल्या मात्रेवर, येण्यातली सगळी मजा जाते. म्हणून माहितीपट थोडा लांबला तरी चालेल, असं आमचं मत आहे.

जुन्या कॅसेट किंवा स्पूल (रिळावरच्या फिती) असतील तर त्या घरच्या प्लेअरवर लावून पाहू नका. बुरशी लागलेली किंवा चिकट झालेली फीत एकदा तुटली की तेवढं गाणं हातचं जाऊ शकतं. डिजिटल प्रत करताना कलाकाराची पट्टी, म्हणजे पेटीवरचा कोणता स्वर ‘सा’ धरून ते गातात, ती आम्हाला नक्की सांगा. फीत सुमारे 6 टक्के जलद फिरली तरी काळी एकमधला गायक अर्ध्या स्वरानं वर, पांढरी दोनमध्ये ऐकू येतो, आणि आवाजाचा पोतही बदलतो. पट्टी ठाऊक असली की वेग दुरुस्त करता येतो.

परवानग्यांचं काम लवकर हाती घ्या. भारतीय कायद्यानुसार सादरकर्त्याचा हक्क 50 वर्षं टिकतो आणि तो साथीदारांनाही असतो. त्यामुळे तबलजी, पेटीवाले, मागे तंबोऱ्यावर बसून स्वर देणारे शिष्य, सगळ्यांची लेखी संमती आम्ही चित्रीकरणाआधीच घेतो. जुनं ध्वनिमुद्रण रेडिओचं किंवा रेकॉर्ड कंपनीचं असेल तर त्यांची परवानगी वेगळी लागते, आणि ती मिळायला वेळ जातो.

पहिल्या भेटीला येताना घरात असलेल्या ध्वनिफितींची यादी, बंदिशींच्या वह्या आणि कलाकाराच्या रियाजाची वेळ एवढं घेऊन या. चित्रीकरणाचं वेळापत्रक आम्ही रियाजाच्या वेळेप्रमाणे आखतो.