अंकगणिती श्रेढीची बेरीज
ज्या क्रमिकेत, म्हणजे ओळीने मांडलेल्या संख्यांत, प्रत्येक पद आधीच्या पदापेक्षा सारख्याच फरकाने वाढते किंवा घटते, ती अंकगणिती श्रेढी. तिची पदे एकेक करून न मिळवता एकदम बेरीज कशी काढावी, हा या नोंदीचा विषय. महाराष्ट्रातल्या मराठी पुस्तकांत या फरकाला ‘सामान्य फरक’ म्हणतात. ग्वाल्हेरच्या लष्कर या भागात राहणारे मराठी मूल हिंदी माध्यमात शिकत असेल, तर हीच गोष्ट त्याला ‘समांतर श्रेढी’ आणि ‘सार्व अंतर’ म्हणून ठाऊक असते. संस्कृत ग्रंथांतले शब्द दोघांनाही उपयोगी पडावेत असे आहेत: पहिले पद आदि किंवा मुख, फरक तो चय, पदांची संख्या गच्छ, आणि बेरीज म्हणजे सर्वधन.

उदाहरण ग्वाल्हेरचेच घेता येते. किल्ल्यावर चढणाऱ्या रस्त्यालगत एकाच खडकात कोरलेले चतुर्भुज मंदिर आहे. तिथला विक्रम संवत ९३३ चा, म्हणजे इ. स. ८७६ चा शिलालेख त्यातल्या शून्यासाठी प्रसिद्ध आहे. देवाच्या फुलबागेसाठी २७० हात लांब व १८७ हात रुंद जमीन आणि रोजच्या ५० माळा यांची नोंद त्यात आहे. आता पुढचे काल्पनिक: बागेच्या एका टोकाला विहीर आहे आणि लांबीच्या दिशेने दर दहा हातांवर एक, अशी २७ रोपे आहेत. माळी एका खेपेत एकाच रोपाला पाणी घालतो आणि विहिरीवर परततो. पहिली खेप २० हातांची, दुसरी ४०, तिसरी ६०, शेवटची ५४०. एकूण चाल किती?

मधले, म्हणजे चौदावे रोप पाहावे. त्याची खेप २८० हातांची. तेराव्या खेपेत जितके कमी, तितकेच पंधराव्या खेपेत जास्त. पहिलीत जितके कमी, तितके सत्ताविसावीत जास्त. उणे-अधिक फिटते आणि प्रत्येक खेप जणू २८० हातांचीच होते. २८० × २७ = ७५६० हात. हात दीड फुटाचा धरला तर जवळजवळ साडेतीन किलोमीटर. या २८० ला भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त (इ. स. ११५०) मध्यधन म्हटले आहे. तिथली रीत अशी:

अंत्यधन = आदि + (गच्छ − १) × चय
मध्यधन = (आदि + अंत्यधन) ÷ २
सर्वधन = मध्यधन × गच्छ

रोपे २६ असती तर मधले रोपच उरत नाही. मग तेराव्या आणि चौदाव्या खेपेची सरासरी, २७०, हेच मध्यधन, बेरीज ७०२०. ही शंका भास्कराचार्यांनी स्वतःच उपस्थित करून असेच उत्तर दिले आहे. पाठ केलेल्या सूत्रात ती शंका येतच नाही, म्हणून शिकवताना मध्यधनापासून सुरुवात करणे बरे. १ ते १०० ची बेरीज ५०५० झटक्यात सांगणाऱ्या लहानग्या गाउसची (पुढे तो थोर जर्मन गणिती झाला) गोष्ट सगळे सांगतात, तपशील दर वेळी वेगळा, रीत मात्र त्याच्याआधी बाराशेहून अधिक वर्षे आर्यभटाने (इ. स. ४९९) दोन्ही अंगांनी दिली होती, मध्यावरून आणि दोन टोकांवरून.

रीत उलटी फिरवली की चय सापडतो. ‘लीलावती’तला राजा शत्रूचे हत्ती आणायला पहिल्या दिवशी २ योजने जातो आणि सात दिवसांत ८० योजने गाठतो. मध्यधन ८०/७, म्हणजे मधल्या, चौथ्या दिवसाची चाल; तोवर तीन वेळा वाढ झालेली असते, म्हणून त्यातून आदि वजा करून ३ ने भागले की रोजची वाढ २२/७ योजने. वर्तुळाच्या २२/७ शी याचा काही संबंध नाही.

गच्छ शोधणे जरा अवघड, कारण तिथे वर्गसमीकरण येते. आर्यभटाने त्याचाही नियम दिला आहे. आपल्या बागेत ‘ग’ रोपांची चाल १० × ग × (ग + १) हात. माळी ११०० हात चालला असेल तर ग चे उत्तर १० किंवा −११ येते. उणे रोपे नसतात, म्हणून १०. तो १००० हातच चालला असेल तर पूर्णांकी उत्तरच मिळत नाही. पण तेही निरर्थक नाही: नऊ खेपांचे ९०० हात झाले, वर १००. म्हणजे माळी दहाव्या रोपापाशी पोचला आहे आणि अजून परत फिरायचा आहे.