ओल्ड हॉस रॅडबर्न: ५९ विजयांच्या हंगामामागचा करार

चार्ल्स ऊर्फ ‘ओल्ड हॉस’ रॅडबर्न या अमेरिकन बेसबॉल पिचरचं (बॅटरला चेंडू टाकणाऱ्या खेळाडूचं) नाव आजही निघतं ते एका आकड्यामुळे. बेसबॉलमध्ये संघाचा प्रत्येक विजय एका पिचरच्या नावावर मांडतात, आणि १८८४ च्या एकाच हंगामात त्याच्या नावावर ५९ विजय आहेत. हल्ली एखाद्या पिचरने वर्षात २० सामने जिंकले तरी त्याचं केवढं कौतुक होतं. त्यामुळे ५९ म्हटलं की वाचणाऱ्याला ही दंतकथाच वाटते. ती दंतकथा नाही, पण निव्वळ मनगटाच्या जोरावर घडलेली गोष्टही नाही. तिच्यामागे मालक आणि खेळाडू यांच्यातलं भांडण आहे.

रॅडबर्नचा जन्म १८५४ चा, न्यूयॉर्क राज्यातल्या रॉचेस्टरचा. वाढला मात्र इलिनॉयमधल्या ब्लूमिंग्टनला. तरुणपणी तो खाटकाचं काम करायचा. पगारी बेसबॉल तेव्हा नुकतं बाळसं धरत होतं. सिनसिनाटीचा उघडउघड पगारी संघ १८६९ मध्ये उभा राहिला आणि १८७६ मध्ये नॅशनल लीग सुरू झाली. मग १८७९ मध्ये लीगच्या मालकांनी आपसात ठरवलं की प्रत्येक संघाने पाच खेळाडू ‘राखून’ ठेवायचे आणि इतरांनी त्यांना हात लावायचा नाही. राखलेल्या खेळाडूंची संख्या पुढे वाढतच गेली. अशा खेळाडूचा करार संपला तरी सुटका नव्हती. त्याच मालकाकडे खेळा, नाहीतर घरी बसा.

रॅडबर्न १८८१ मध्ये ऱ्होड आयलंडमधल्या प्रॉव्हिडन्स ग्रेज संघात आला. १८८३ मध्ये त्याने ४८ सामने जिंकले. १८८४ मध्ये संघात चार्ली स्वीनी हा दुसरा तरुण पिचर पुढे आला आणि त्याने जूनमध्ये बोस्टनविरुद्ध एकाच सामन्यात १९ बॅटर स्ट्राइकआउट केले, म्हणजे तीन स्ट्राइकवर बाद केले. दोघांचं पटेना. रॅडबर्न मुळात तिरसट. जुलैच्या मध्यावर बोस्टनविरुद्ध एक सामना हातचा गेला, तेव्हा तो मुद्दाम वाईट खेळला असा ठपका ठेवून संघाने त्याला निलंबित केलं.

आठवडाभरात स्वीनीनेही घोळ घातला. २२ जुलैला फिलाडेल्फियाविरुद्ध प्रॉव्हिडन्स पुढे होतं. मॅनेजर फ्रँक बॅनक्रॉफ्टने त्याला पिचिंग सोडून राइट फील्डला, म्हणजे मैदानाच्या उजव्या बाजूला क्षेत्ररक्षणाला, जायला सांगितलं. स्वीनीने साफ नकार दिला आणि तो सरळ मैदानाबाहेर चालता झाला. बदली खेळाडू उतरवायची तेव्हा मुभा नव्हती. उरलेले आठ जण खेळले आणि हातातला सामना गेला. स्वीनीला काढून टाकलं, तर तो सेंट लुईसच्या संघाला जाऊन मिळाला. हा संघ त्याच वर्षी निघालेल्या युनियन असोसिएशन या प्रतिस्पर्धी लीगमधला होता.

आता संघ गुंडाळावा की काय, इथपर्यंत संचालक आले. त्या वेळी रॅडबर्नने सौदा टाकला: उरलेला हंगाम मी एकटा ओढतो, पण पैसे वाढवून द्या आणि हंगामानंतर मला त्या राखीव कलमातून मोकळं करा. मालकांनी मान्य केलं. अडला हरी!

मग या गड्याने स्वतःला अक्षरशः घाण्याला जुंपून घेतलं. पुढच्या जवळजवळ प्रत्येक सामन्यात चेंडू त्याच्याच हातात. सलग १८ विजय त्याच काळातले. वर्षाअखेरीस हिशोब झाला तो असा: ६७८ हून अधिक इनिंग (सामन्याचे साधारण नऊ डाव असतात, त्यातला एक म्हणजे इनिंग), ४४१ स्ट्राइकआउट, सुरू केलेले ७३ सामने आणि ते सगळेच्या सगळे त्यानेच संपवलेले. सकाळी केस विंचरायलाही हात वर जात नसे, असं सांगतात.

नियम तेव्हा वेगळे होते हेही ध्यानात घ्यायला हवं. पिचर चौकटीतून, ५० फुटांवरून चेंडू टाकायचा, आणि त्या चौकटीत त्याला पावलं टाकता येत. उंच की खाली, कसा चेंडू हवा हे बॅटर मागू शकत असे. हात खांद्याच्या वर नेऊन चेंडू टाकायची मोकळीक नॅशनल लीगने त्याच वर्षी दिली. क्रिकेटने ती वीस वर्षं आधीच, १८६४ मध्ये, दिली होती. ५९ की ६० हा वादही नियमांचाच. फिलाडेल्फियातल्या एका सामन्यात आघाडी मिळवून देणारा पिचर दुसराच होता आणि रॅडबर्न नंतर पिचिंगला आला. तेव्हाच्या स्कोअररने विजय रॅडबर्नला दिला, आजच्या नियमाने तो पहिल्याला जातो.

प्रॉव्हिडन्सने नॅशनल लीग जिंकली. ऑक्टोबरमध्ये अमेरिकन असोसिएशन या दुसऱ्या लीगच्या विजेत्या न्यूयॉर्क मेट्रोपॉलिटन्सशी तीन सामने झाले. तिन्ही रॅडबर्ननेच टाकले आणि जिंकले.

एवढी झुंज दिल्यावरही १८८५ मध्ये तो प्रॉव्हिडन्सकडेच राहिला. त्या हंगामानंतर संघ बुडाला आणि रॅडबर्न बोस्टनला गेला. १८९० मध्ये खेळाडूंनी स्वतःची प्लेअर्स लीग काढली. तिचा पुढारी जॉन माँटगोमेरी वॉर्ड हा प्रॉव्हिडन्सचाच जुना पिचर. रॅडबर्न या बंडात सामील झाला, बोस्टनसाठी २७ सामने जिंकला, आणि बोस्टनने लीगही जिंकली. पण पैशाअभावी ती लीग वर्षभरातच आटोपली.

१८९१ मध्ये सिनसिनाटीकडून एक हंगाम खेळून तो ब्लूमिंग्टनला परतला आणि तिथे त्याने बार चालवला. शिकारीत गोळी लागून त्याचा एक डोळा गेला. १८९७ मध्ये, वयाच्या ४२ व्या वर्षी, तो वारला. बेसबॉलच्या हॉल ऑफ फेममध्ये, म्हणजे थोर खेळाडूंच्या सन्मानयादीत, त्याला १९३९ मध्ये घेतलं. ज्या कलमातून सुटण्यासाठी त्याने तो हंगाम ओढला, ते पुढेही चालूच राहिलं. १९७५ च्या डिसेंबरमध्ये पीटर साइट्झ या लवादाने दोन पिचरांच्या बाजूने निकाल दिला, तेव्हा कुठे मालकांची ती पकड सुटली.