साताऱ्याची बुगडी आणि संकलकाचं टेबल

'बुगडी माझी सांडली गं, जाता साताऱ्याला' न ऐकलेला माणूस आमच्या सातारा-सांगलीकडे सापडणं अवघड. आवाज आशा भोसले यांचा, जन्म सांगलीचा. शब्द आटपाडी तालुक्यात जन्मलेल्या गदिमांचे. हे गाणं ज्यातलं, त्या चित्रपटाची पटकथाही त्यांचे धाकटे भाऊ व्यंकटेश माडगूळकर यांची. ही नावं आपण कौतुकानं घेतो. पण 'सांगत्ये ऐका'चे (१९५९) दिग्दर्शक अनंत माने मुळात संकलक, म्हणजे एडिटर होते, हे कितीजणांना ठाऊक असतं?

माने कोल्हापूरचे. १९२९ साली कोल्हापुरात उभी राहिलेली 'प्रभात' फिल्म कंपनी १९३३ मध्ये पुण्याला गेली. याच 'प्रभात'च्या संकलन विभागात माने तयार झाले.

ते काम तेव्हा हातानं चाले. पस्तीस मिलिमीटरचं हजार फुटी रीळ म्हणजे पडद्यावर जेमतेम अकरा मिनिटं. फुटाला सोळा चौकटी (फ्रेम), सेकंदाला चोवीस. जोड द्यायचा तर पट्टीच्या टोकाचा थर पात्यानं खरवडायचा, सिमेंट (फिल्म चिकटवायचं द्रावण) लावायचं, दाबून धरायचं. मन बदललं आणि जोड सोडवला की एखादी चौकट जायचीच. म्हणून कात्रीआधी डोकं चालवावं लागे.

आणि या टेबलावर काही लपत नाही. एका शॉटमध्ये डोक्यावर असलेला पदर पुढच्यात खांद्यावर. जो शॉट हवाच होता, तो घेतलेलाच नाही. लावणीत ढोलकीची थाप पडली आणि कट तीन चौकटी उशिरा आला, म्हणजे सेकंदाचा आठवा भाग, तरी बघणाऱ्याला खटकतं. दुसऱ्याच्या अशा चुका वर्षानुवर्षं निस्तरणं, याहून चांगली दिग्दर्शनाची शाळा मला तरी माहीत नाही. 'सांगत्ये ऐका' पुण्याच्या 'विजयानंद'मध्ये १३१ आठवडे चालला.

हिंदीत हृषीकेश मुखर्जी याच वाटेनं आले. १९५३ मध्ये 'दो बिघा जमीन'चं संकलन, १९५७ मध्ये 'मुसाफिर'चं दिग्दर्शन. नाव झाल्यावरही १९६५ च्या मल्याळम 'चेम्मीन'साठी ते पुन्हा संकलनाला बसले, हे मला जास्त भावतं. 'प्रभात' बंद पडल्यावर तिच्याच आवारात १९६० साली फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली. राजकुमार हिरानी तिथं संकलन शिकले; दिग्दर्शक म्हणून पहिला 'मुन्नाभाई' २००३ चा.

आमच्या भागात ही विद्या लग्नाच्या कॅसेटवरून पोचली. शूटिंग झालं की कॅसेट 'मिक्सिंग'ला जायची. मिक्सिंगवाला फुलांच्या चौकटीत नवरा-नवरी बसवायचा आणि शूटिंगवाल्याला शिव्या घालायचा. लेन्ससमोर करवलीचा हात, अर्धीच मंगलाष्टकं, ऐन वेळी संपलेली बॅटरी! पुढच्या लग्नाला मग तोच बजावायचा, "अक्षता पडताना नवरा-नवरीकडं नको, पोरीच्या आईकडं धर."