बेकेरेल आणि सीव्हर्ट: ताटातला आकडा, अंगणातला आकडा

मार्च 2011 च्या अणुभट्टी अपघातानंतर फुकुशिमातल्या घराघरांत दोन एककं रोजच्या बोलण्यात आली आणि त्यांची गल्लतही सुरू झाली. मैदानातल्या किरणमापकावर 0.1, भाजीच्या तपासणीत 40. म्हणजे भाजी चारशे पट घातक? छे, ही तुलनाच चुकीची.

बेकेरेल म्हणजे दर सेकंदाला किती अणूंचं विघटन होतं ते. सीव्हर्ट सांगतो, त्यातून निघणाऱ्या किरणांचा शरीरावर परिणाम किती.

अंगणासाठी मायक्रोसीव्हर्ट प्रति तास बघायचं. सफाईसाठी (दूषित माती वगैरे खरवडून काढण्यासाठी) जपान सरकारने धरलेली पातळी 0.23. हिशेब असा: दिवसाचे 8 तास बाहेर, 16 तास लाकडी घरात (तिथे किरणांची मात्रा बाहेरच्या 40 टक्के) धरून वर्षाला 1 मिलिसीव्हर्ट (1000 मायक्रोसीव्हर्ट) जादा, त्याच्या ताशी आकड्यात जमिनीतला नैसर्गिक 0.04 मिळवलेला. दिवसभर शेतात राबणाऱ्याला हा हिशेब अर्थातच लागू नाही. मापक पातळ प्लास्टिक पिशवीत घालून मीटरभर उंचीवर धरावा, लहान मुलांच्या जागी अर्ध्या मीटरवर. आकडा स्थिरावल्यावर चार-पाच नोंदींची सरासरी घ्यावी. पन्हळीच्या तोंडाशी पावसाने वाहून आणलेलं सिझियम (अपघातात बाहेर पडलेलं किरणोत्सर्गी मूलद्रव्य) साचतं, म्हणून तिथली नोंद वेगळी ठेवावी. ती अख्ख्या अंगणाची नव्हे.

ताटासाठी बेकेरेल प्रति किलो. एप्रिल 2012 पासून जपानमधली मर्यादा सर्वसाधारण अन्नाला 100, दूध आणि बाळांच्या अन्नाला 50, पिण्याच्या पाण्याला 10. सिझियम-137 चे 100 बेकेरेल असलेलं किलोभर अन्न प्रौढाने खाल्लं, तर मात्रा सुमारे 1.3 मायक्रोसीव्हर्ट होते.

सगळ्यात जास्त फसगत होते ती हातातला मापक अळंब्यांवर धरून बघण्यात. आकडा हलत नाही आणि अळंब्या कढईत पडतात. किलोमागचे 100 बेकेरेल भोवतालच्या नैसर्गिक किरणांत बुडून जातात; ते मोजायला शिशाच्या जाड आवरणातलं यंत्र लागतं. नमुना बारीक चिरून, वजन करून, भांड्यात पोकळी न ठेवता दाबून भरायचा. वजन चुकलं की उत्तरही चुकतं.

अंगण साफ झालं म्हणून मागच्या डोंगरावरच्या अळंब्या, रानडुकराचं मांस साफ झालं असं नाही. जंगलातली माती कुणी खरवडलेली नसते. अळंब्या वाळवल्या की पाणी उडतं, सिझियम राहतं, त्यामुळे किलोमागचा आकडा कितीतरी पट चढतो. म्हणून तपासणीचा कागद हाती आला की आधी बघावं: नमुना ओला होता, की वाळवलेला?