किल्लारीनंतरच्या संवाद सहायक: भूकंपाच्या कामातून पुढे आलेल्या बायका

कच्छमध्ये २६ जानेवारी २००१ रोजी भूकंप झाला. त्यानंतर तिथे जे मदतगट गेले, त्यांत लातूर आणि उस्मानाबाद जिल्ह्यांतल्या खेड्यांमधल्या बायकाही होत्या. शेतात राबणाऱ्या, बचत गट चालवणाऱ्या. धान्य आणि ब्लँकेट वाटायला इतर पुष्कळ जण होते. यांच्या बोलण्याचा विषय घराचा होता: पुन्हा बांधायचं ते कसं, सरकारी हप्ता कुठे अडतो, इंजिनिअर तपासणीला आला की त्याला काय दाखवायचं. सात-आठ वर्षांपूर्वी किल्लारीच्या भूकंपात या बायकांचीच घरं पडली होती किंवा तडकली होती. मधल्या काळात काय घडलं, ते समजून घेतल्याशिवाय मराठवाड्यातल्या आपत्तीच्या कामाचा चेहरा आज एवढा बायकांचा का आहे, हे कळत नाही.

लातूर जिल्ह्यातल्या किल्लारीचा भूकंप ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे ३ वाजून ५६ मिनिटांनी झाला. आदल्या रात्री गणपती विसर्जन होतं. रिश्टर मापनावर तो सहापेक्षा थोडा वर, म्हणजे जगाच्या हिशेबात मध्यमच. तरी सुमारे दहा हजार माणसं गेली, कारण मारणारी घरं होती. या भागातली माळवदाची घरं म्हणजे दोन-तीन फूट जाडीच्या दगडी भिंती, दगडांच्या सांध्यांत माती, आत लाकडी खांब-तुळयांचा सांगाडा आणि वर मातीचा जाड थर. उन्हाळ्यात गारवा देणारं हे छप्पर, आणि दर पावसाळ्याआधी गळती थांबवायला त्यावर आणखी माती टाकायची. पिढ्यान्‌पिढ्या तो थर वाढतच गेला. भिंत बाहेरून भक्कम दिसे, पण बहुतेक ठिकाणी तिचे दोन पदर वेगवेगळे रचलेले आणि मधे दगडगोट्यांचा भराव, दोन्ही पदरांना धरून ठेवणारा आडवा लांब दगड नाहीच. हादरा बसला की भिंतीचं पोट सुटायचं, पदर उकलायचे आणि वरची माती खाली यायची.

पहिल्या आठवड्यांतल्या कामाबद्दल मराठीत भरपूर लिहिलं गेलं आहे. लष्कर आलं, डॉक्टर आले, राज्यभरातून ट्रक आले. भारतीय जैन संघटनेच्या शांतिलाल मुथ्था यांनी भूकंपग्रस्त भागातली १२०० मुलं पुण्याला नेऊन त्यांच्या शिक्षणाची जबाबदारी घेतली. वाघोलीचं शैक्षणिक संकुल त्यातूनच उभं राहिलं. लातूरचे तेव्हाचे जिल्हाधिकारी प्रवीण परदेशी पुढे संयुक्त राष्ट्रांच्या आपत्तीविषयक कामात गेले. पुनर्वसनाच्या कामात असलेले सनदी अधिकारी कृष्णा वत्स नंतर राष्ट्रीय आपत्ती व्यवस्थापन प्राधिकरणाचे सदस्य झाले. तेव्हा मुख्यमंत्री असलेल्या शरद पवारांना, कच्छनंतर वाजपेयींनी नेमलेल्या राष्ट्रीय समितीचं उपाध्यक्षपद मिळालं. किल्लारीने अशी बरीच मोठी माणसं घडवली किंवा मोठी केली. पण ती आधीपासून कुठल्या ना कुठल्या पदावर होती. ज्यांच्याकडे काहीच पद नव्हतं, त्यांची गोष्ट पुढच्या चार-पाच वर्षांत घडली, आणि ती कमी सांगितली जाते. दुरुस्तीच्या कामाला बातमीमूल्य नसतं, हे त्याचं साधं कारण.

जागतिक बँकेच्या कर्जातून सरकारने जो पुनर्वसन कार्यक्रम हाती घेतला, त्यात गावांची वर्गवारी झाली. पूर्ण उद्ध्वस्त झालेली ५२ गावं दुसऱ्या जागी वसवायची ठरली. तिथे कंत्राटदार, देणगीदार संस्था, नकाशे, रस्ते असं सगळं आलं. उरलेल्या शेकडो गावांत घरं उभी होती पण खिळखिळी झालेली. तिथे नवं घर मिळणार नव्हतं. अनुदान घेऊन मालकाने स्वतःच घराची दुरुस्ती आणि मजबुतीकरण करायचं होतं. ही घरं दोन लाखांच्या आसपास होती.

इथे सरकारची गाडी अडली. लोकांना दगडाच्या घराची दहशत बसली होती. धडधाकट भिंती असलेले लोकही अंगणात पत्र्याच्या शेडमध्ये झोपत होते. शेजारच्या गावाला नवी वसाहत मिळते आणि आम्हाला डागडुजी का, हा राग वेगळाच. वर्ग बदलून द्या म्हणून गावोगाव अर्ज, मोर्चे, पुढाऱ्यांकडे खेटे सुरू होते. जो कनिष्ठ अभियंता गावात यायचा, त्याच्याकडे अनेक गावं असायची. तो पारावर चार माणसांशी बोलून निघून जायचा. हप्ता मिळाला तरी पैसा बांधकामात जाईलच याची खात्री कुणालाच नव्हती.

मुंबईतल्या स्पार्क या संस्थेत काम केलेल्या प्रेमा गोपालन भूकंपानंतर या भागात आल्या होत्या. १९८९ पासून त्या ‘स्वयम् शिक्षण प्रयोग’ हा उपक्रम चालवत होत्या. तो १९९८ मध्ये स्वतंत्र संस्था झाला. दुरुस्ती कार्यक्रमात लोकसहभागाची जबाबदारी सरकारने या संस्थेकडे दिली आणि त्यातून ‘संवाद सहायक’ ही कल्पना गावात उतरली. महिला मंडळातल्या बायका निवडायच्या, त्यांना घराच्या मजबुतीकरणाची माहिती द्यायची आणि गाव व इंजिनिअर यांच्यामधलं काम त्यांनी करायचं.

हे काम प्रत्यक्षात काय होतं, ते जरा जवळून बघण्यासारखं आहे. माळवदावरची जास्तीची माती काढून भार कमी करायचा. भिंतीला आरपार भोक पाडून त्यात सळई घालून काँक्रीट भरायचं, म्हणजे दोन पदर एकमेकांना बांधले जातात. खांब आणि तुळई जिथे भेटतात तिथे तिरके टेकू ठोकायचे. दारं-खिडक्यांच्या वरून घराभोवती जाळी आणि सिमेंटचा पट्टा फिरवायचा. यातलं काहीही डोळ्यांत भरणारं नाही. भिंतीला मुद्दाम भोक पाडायचं म्हटल्यावर घरमालक हबकायचाच. त्याला तयार करायला सरकारी परिपत्रकाचा काही उपयोग नव्हता. त्याच गल्लीतली बाई येऊन सांगणार, आधी एका घरावर करून दाखवणार, मग पुढचं घर.

मला यात सर्वांत महत्त्वाची वाटते ती निमित्ताची बाजू. या बायका भूकंपाआधीही हुशार होत्याच. गावात बोलायला त्यांच्याकडे निमित्त नव्हतं. संवाद सहायक म्हटल्यावर सरकारी कार्यक्रमाचा आधार मिळाला. परक्या पुरुषाशी म्हणजे इंजिनिअर साहेबांशी बोलणं, तालुक्याला बँकेत जाणं, ग्रामसभेत उभं राहून घरांची यादी वाचणं हे आता ‘बाई फार पुढे पुढे करते’ या सदरात न जाता ‘तिचं काम आहे’ या सदरात गेलं. घरातल्यांना सांगायला कारण मिळालं. योगायोगाने ७३ वी घटनादुरुस्ती त्याच वर्षी, एप्रिल १९९३ मध्ये अमलात आली होती आणि पंचायतीत बायकांच्या राखीव जागा आल्या होत्या. गावाचा कारभार माहीत असलेली आणि चारचौघांत बोलू शकणारी बाई कोण, या प्रश्नाला अचानक उत्तरं दिसू लागली.

याला केवळ सक्षमीकरणाची गोड कथा करण्याचं कारण नाही. सरकारला काम स्वस्तात आणि लवकर उरकायचं होतं, हेही त्यामागे होतं. बाईचा वेळ फुकट किंवा जवळपास फुकट धरायचा ही सवय आपल्याकडच्या प्रत्येक योजनेत आहे. आशा आणि अंगणवाडीच्या मोर्च्यांत तोच मुद्दा आजही घुमतो.

१९९८ च्या सुमारास कार्यक्रम संपला. एरवी इथेच गोष्ट संपते: प्रकल्प बंद, फाइल बंद, स्वयंसेवक घरी. इथे तसं झालं नाही, कारण बायकांची मंडळं बचत गटांत बांधली गेली होती आणि गटांचे संघ उभे राहत होते. पतपुरवठा, पाणी, आरोग्य अशी कामं त्याच माणसांनी हाती घेतली. तुर्कस्तानातल्या १९९९ च्या भूकंपानंतर तिथल्या स्त्रियांच्या गटांशी देवाणघेवाण झाली. मग कच्छ. २००४ च्या त्सुनामीनंतर तमिळनाडूच्या किनाऱ्यावर लातूरच्या बायकांबरोबर कच्छच्याही बायका गेल्या. म्हणजे जिथे मदत गेली होती, तिथून ती पुढे निघाली. नंतर दुष्काळ हीच मराठवाड्याची मुख्य आपत्ती ठरली, तेव्हा एकरभर जमिनीत घरापुरतं धान्य-भाजीपाला पिकवण्याचं काम याच जाळ्यातून पसरलं. तुळजापूर तालुक्यातल्या गोदावरी डांगे बचत गटातून सुरुवात करून इतर बायकांना शेती शिकवणाऱ्या प्रशिक्षक झाल्या, त्या याच वाटेने. या कामासाठी ‘स्वयम् शिक्षण प्रयोग’ला २०१६ मध्ये संयुक्त राष्ट्र विकास कार्यक्रमाचा इक्वेटर पुरस्कार मिळाला. प्रेमा गोपालन २०२२ मध्ये गेल्या.

सरकारी बाजूलाही वाट बदलली. भूकंप पुनर्वसनाच्या पैशातूनच महाराष्ट्राने राज्याचा आपत्ती व्यवस्थापन आराखडा आणि मंत्रालय-जिल्हा नियंत्रण कक्षांची साखळी उभी केली. २००५ मध्ये केंद्राचा आपत्ती व्यवस्थापन कायदा झाला, पाठोपाठ राष्ट्रीय आपत्ती प्रतिसाद दल आलं. २०१६ पासून ‘आपदा मित्र’ योजना आहे: आधी ३० पूरप्रवण जिल्ह्यांत ६,०००, मग ३५० जिल्ह्यांत एक लाख स्वयंसेवक तयार करण्याचं लक्ष्य. बारा दिवसांचं प्रशिक्षण, बचावाचं साहित्य, विमा. पुरात दोर टाकता येणारा माणूस गावातच असणं मोलाचं आहे, यात वाद नाही. पण हा सगळा भर पहिल्या काही तासांवर आहे. पंचनामा, मदतीची यादी, घरदुरुस्तीचा हप्ता, पीकविमा या महिनोन्‌महिने चालणाऱ्या कामात आपदा मित्राला जागा दिलेली नाही. पाणी ओसरल्यावर तलाठी आणि ग्रामसेवक यादी करायला बसतात, तेव्हा लाइफ जॅकेट घरी ठेवून तो बाकीच्यांसारखाच रांगेत उभा असतो.