युरेनियम खाणकाम : पाणलोट आणि पिण्याचे पाणी

युरेनियमचे खनिज खणून काढणे, ते दळणे आणि रसायनांनी त्यातले युरेनियम वेगळे करणे या तिन्ही टप्प्यांत पाण्याशी गाठ पडते आणि तिन्ही टप्प्यांतून ते बिघडून बाहेर येते. खाणीत झिरपणारे पाणी उपसून कुठेतरी सोडावे लागते, कारखान्यात दळलेल्या खनिजाचा रबडा करावा लागतो, आणि उरलेला गाळ बांध घालून साठवावा लागतो. तो बांध कोणत्या ना कोणत्या नदीच्या पाणलोटात असतोच. वर्तमानपत्रांत बातम्या येतात त्या बांध फुटल्याच्या. प्रत्यक्षात पाण्याचे मोठे नुकसान बहुतेक वेळा रोजच्या गुपचूप विसर्गाने आणि खाण बंद झाल्यावर मागे राहिलेल्या गाळाने केले आहे. अमेरिकेतील पुएर्को नदीचा हिशेब तर या बाबतीत डोळे उघडणारा आहे.

खडकातून पाण्यात

जमिनीखाली जिथे हवा पोचत नाही तिथे युरेनियम युरेनिनाइटसारख्या खनिजांत स्थिर असते आणि पाण्यात फारसे विरघळत नाही. खाण खोदली की बोगद्यांतून हवा आणि ओल आत शिरते, युरेनियमचे ऑक्सिडीकरण होते आणि युरेनिल आयनाच्या रूपात ते सहज विरघळू लागते. खडकात पायराइट, म्हणजे लोहाचे सल्फाइड, असेल तर हवा-पाणी लागून सल्फ्युरिक आम्ल तयार होते. त्या आम्ल पाण्यात युरेनियमबरोबर मँगनीज, निकेल, आर्सेनिकही उतरतात. पाणी आम्लधर्मी नसले तरी सुटका होतेच असे नाही. चुनखडीच्या भागात युरेनियम कार्बोनेटशी जुळते, आणि ही संयुगे मातीच्या कणांना फारशी चिकटत नाहीत. भूजलाबरोबर ती लांबवर जातात.

दुसरा प्रश्न गाळाचा. भारतातील खाणींत खनिजाची प्रत इतकी हलकी आहे की एक टन दगड दळल्यावर त्यातून एक किलोही युरेनियम हाती लागत नाही. बाकी सगळा दगड पिठासारखा बारीक होऊन रसायनांसह बाहेर पडतो. याला ‘टेलिंग’ म्हणतात. युरेनियम काढून घेतल्यावर हा गाळ निरुपद्रवी होत असेल असे वाटते, पण युरेनियमच्या क्षयातून आधीच तयार झालेली थोरियम, रेडियम, पोलोनियम ही मूलद्रव्ये त्यातच राहतात आणि मूळ खनिजाचा सुमारे ८५ टक्के किरणोत्सार गाळाबरोबर जातो. रेडियम-२२६ चे अर्धायुष्य १,६०० वर्षे, आणि ज्यापासून ते सतत नव्याने बनत राहते त्या थोरियम-२३० चे सुमारे ७५,००० वर्षे. दगड दळल्यामुळे पाण्याला भिडणारा पृष्ठभागही कित्येक पटींनी वाढलेला असतो. डोंगरात जे हजारो वर्षांत झिरपले असते ते गाळ साठवलेल्या तलावात काही पावसाळ्यांतच झिरपू शकते.

पुएर्को नदी

अमेरिकेच्या नैऋत्येला नाव्हाहो आदिवासींच्या भूमीत १९४४ ते १९८६ या काळात सुमारे ३ कोटी टन युरेनियम खनिज काढले गेले. सुरुवातीच्या दोन दशकांत या मालाचे एकमेव गिऱ्हाईक अमेरिकी सरकार होते; माल अण्वस्त्रांसाठी हवा होता. खाणी बंद झाल्या तेव्हा पाचशेहून अधिक खाणी तशाच उघड्या टाकल्या गेल्या. कॅमेरॉन भागातल्या उघड्या खड्ड्यांत पावसाचे पाणी साठे आणि मेंढपाळ कळपांना तिथेच पाणी पाजत.

न्यू मेक्सिकोतील चर्च रॉक येथे युनायटेड न्यूक्लिअर कॉर्पोरेशनचा खनिज दळण्याचा कारखाना होता. १६ जुलै १९७९ रोजी पहाटे साडेपाचच्या सुमारास त्याच्या गाळतलावाच्या मातीच्या बांधाला सुमारे सहा मीटरचे भगदाड पडले. बांधाखालची गाळमाती सारखी दबत नव्हती आणि त्यामुळे पडलेल्या भेगा आधीच दिसल्या होत्या. साधारण ३५ कोटी लिटर आम्लयुक्त पाणी आणि सुमारे १,१०० टन घन गाळ ओढ्यातून पुएर्कोत उतरला. नदीतून तो लोंढा गॅलप गावाला मागे टाकून ॲरिझोनात शिरला. सुमारे १३० किलोमीटरपर्यंत त्याचा माग लागला. थ्री माइल आयलंडच्या अणुभट्टीचा अपघात होऊन जेमतेम साडेतीन महिने झाले होते. तिकडे देशभरचे पत्रकार जमले; इकडे कोणी फारसे फिरकले नाही, आणि न्यू मेक्सिकोच्या गव्हर्नरांनी हा भाग आपत्तिग्रस्त घोषित करण्याची विनंती पुढे नेली नाही. नदीकाठी पाट्या लागल्या, पण काठावर मेंढ्या चारणाऱ्या अनेक वृद्धांना इंग्रजी वाचता येत नव्हते. गाळ उचलायला माणसे फावडी आणि बादल्या घेऊन पात्रात उतरली. कारखाना मात्र पाच महिन्यांच्या आत पुन्हा सुरू झाला.

एकाच घटनेत बाहेर पडलेल्या किरणोत्सारी सांडपाण्याच्या आकारमानाने अमेरिकेतील ही सर्वांत मोठी घटना मानली जाते. पुढे अमेरिकेच्या भूगर्भ सर्वेक्षण खात्याने पुएर्कोचा हिशेब मांडला, तेव्हा बांधफुटीतून नदीत गेलेले युरेनियम सुमारे दीड टन भरले. खाणी कोरड्या ठेवण्यासाठी वर्षानुवर्षे उपसून नदीत सोडलेल्या पाण्यातून गेलेले युरेनियम होते सुमारे ५६० टन. बांधफुटीतल्या पाण्यात थोरियम आणि आम्ल फार होते, म्हणून दोन्हींची सरळ तुलना करता येत नाही हे खरे. पण युरेनियमपुरते पाहिले तर ज्या पाण्याची बातमी कधी झाली नाही तेच भारी पडले.

पुएर्को ही मुळात पावसाळी नदी, एरवी वाळूचे पात्र. खाणींचा उपसा सुरू झाल्यावर ती बारमाही वाहू लागली. कोरड्या मुलखात बारा महिने पाणी दिसू लागले तेव्हा लोकांनी साहजिकच कळप तिथे आणले. १९८६ मध्ये खाणकाम थांबले, उपसा थांबला, आणि नदी पूर्वीसारखी आटली. दरम्यान पाण्याचा मोठा भाग पात्राखालच्या वाळूत मुरून उथळ भूजलाला जाऊन मिळाला होता. याच नदीकाठच्या सँडर्स या ॲरिझोनातील गावाच्या नळाच्या पाण्यात युरेनियम मर्यादेपेक्षा जास्त असल्याचे रहिवाशांना २०१५ मध्ये कळले. ते कित्येक वर्षे तसेच होते. त्यातले किती वरच्या खाणींचे आणि किती खडकाचे स्वतःचे, यावर एकमत नाही.

नाव्हाहो भूमीत आजही सुमारे तीस टक्के घरांत नळ नाही. पिकअप गाडीत पिंपे टाकून लोक दूरवरून पाणी आणतात, आणि ही पिंपे पुष्कळदा पवनचक्कीवर चालणाऱ्या, मूळ गुरांसाठी खोदलेल्या विहिरींवर भरली जात. सरकारी नोंदणी नसलेले असे २४० स्रोत तपासले असता २९ ठिकाणी युरेनियम वा अन्य किरणोत्सारी द्रव्ये पिण्याच्या पाण्याच्या मर्यादेबाहेर निघाली. नाव्हाहो शासनाने २००५ मध्ये आपल्या भूमीत युरेनियम खाणकामावर बंदी घातली.

जादूगोडा आणि सुवर्णरेखा

भारतात युरेनियमची पहिली खाण झारखंडच्या पूर्व सिंहभूम जिल्ह्यात जादूगोडा येथे सुरू झाली. युरेनियम कॉर्पोरेशन ऑफ इंडियाची स्थापना १९६७ ची, आणि कारखानाही त्याच सुमाराचा. पुढे भाटीन, नरवापहाड, तुरामडीह, बंदुहुरंग, बागजाता, मोहुलडीह अशा खाणी त्याच पट्ट्यात उघडल्या. इथली पिवळी पूड, म्हणजे यलो केक, हैदराबादच्या न्यूक्लिअर फ्युएल कॉम्प्लेक्सला जाते आणि तिथे इंधनाचे गठ्ठे बनतात. तारापूरची तिसरी आणि चौथी अणुभट्टी आंतरराष्ट्रीय देखरेखीखाली नसल्याने त्यांना आयात युरेनियम चालत नाही. त्यांची भिस्त देशी युरेनियमवर. मुंबई-पालघरच्या विजेचा एक धागा असा थेट संथाळ, हो आणि मुंडा आदिवासींच्या गावांपर्यंत जातो.

जादूगोड्याच्या कारखान्यात खनिज सल्फ्युरिक आम्लात विरघळवतात आणि ऑक्सिडीकरणासाठी मँगनीजचे खनिज वापरतात, म्हणून सांडपाण्यात सल्फेट आणि मँगनीज हमखास असते. गाळात आधी चुना घालून आम्ल मारतात. मग जाडा आणि बारीक गाळ वेगळा केला जातो: जाडी वाळू खाणीतल्या पोकळ्या भरायला परत खाली जाते, आणि रेडियमचा मोठा वाटा असलेला बारीक गाळ नळीतून टेकड्यांमधल्या तलावांत सोडला जातो. तलावावरचे निवळ पाणी शुद्धीकरण केंद्रात येते. तिथे बेरियम क्लोराइड घालतात. बेरियम सल्फेटचा साका बनताना तो रेडियमलाही सोबत घेऊन तळाशी बसतो. तिथून पाणी नाल्यावाटे गारा नदीत आणि पुढे सुवर्णरेखेत जाते.

व्यवस्था कागदावर नीट आहे. २४ डिसेंबर २००६ रोजी डुंगरीडीह गावाजवळ गाळ नेणारी नळी फुटली आणि गाळ ओढ्यात वाहू लागला. गळती आधी लक्षात आली ती गावकऱ्यांच्या. प्रवाह बंद व्हायला काही तास लागले आणि ओढ्यातले मासे मेले. आम्लाचा पुरवठा, शुद्धीकरण, तलाव हे सगळे ठीक असून उघड्यावरून जाणाऱ्या नळीवर पहारा नव्हता, एवढ्यावर हे झाले.

इथल्या पाण्यातले युरेनियम कोणाच्या खात्यावर टाकायचे, हा जुना वाद आहे. भाभा अणुसंशोधन केंद्राची पर्यावरण प्रयोगशाळा जादूगोड्यातच आहे आणि तिच्या मोजमापांनुसार आसपासच्या विहिरींतले प्रमाण नैसर्गिक पातळीच्या जवळपास आहे. स्थानिक संघटना ते मान्य करत नाहीत. गावांतील जन्मजात व्यंगे, वंध्यत्व, आजार यांकडे बोट दाखवतात. सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्ये याविषयीची जनहित याचिका फेटाळली. २०१४ मध्ये झारखंड उच्च न्यायालयाने विषय स्वतःहून हाती घेतला. अडचण अशी की सिंहभूमचा हा पट्टा तांब्याच्या जुन्या खाणींचा आहे आणि इथल्या खडकांत मुळातच युरेनियम आहे. खाण सुरू होण्यापूर्वी गावागावांतल्या विहिरींचे पाणी कसे होते याची तपशीलवार नोंद असती तर अर्धा वाद उरला नसता. खाण चालवते ती कंपनी, तपासते ती तिच्याच अणुऊर्जा खात्यातली संस्था, हे चित्र गावकऱ्यांना पटत नाही आणि त्यात नवल नाही.

आंध्र प्रदेशातील तुम्मलपल्ले येथे खडक डोलोमाइटी असल्याने आम्लाऐवजी सोडियम कार्बोनेटचा अल्कधर्मी विद्राव वापरतात. तिथल्या गाळतलावाच्या तळाचे अस्तर पुरेसे आहे का, यावरून वाद पेटला. खालच्या अंगाच्या शेतकऱ्यांनी बोअरचे पाणी खारट झाल्याची आणि केळीच्या बागा बसल्याची तक्रार केली आणि राज्याच्या प्रदूषण नियंत्रण मंडळाला दखल घ्यावी लागली.

खाण न खोदता

जमिनीत विंधणे घेऊन खालच्या खडकात विद्राव सोडायचा आणि युरेनियम विरघळलेले पाणी दुसऱ्या विंधणातून वर घ्यायचे, ही पद्धत आता जगात सर्वांत जास्त वापरली जाते. कझाकस्तानचे जवळपास सगळे उत्पादन तिच्यावर आहे. गाळाचे डोंगर उरत नाहीत हा तिचा मोठा फायदा. मात्र इथे भूजल हेच कारखान्याचे भांडे होते. चेक प्रजासत्ताकातील स्त्राझ पॉड राल्स्केम येथे १९६० च्या दशकापासून १९९६ पर्यंत सुमारे ४० लाख टन सल्फ्युरिक आम्ल जमिनीत सोडले गेले. आम्ल सोडले त्या थराच्या वरच पिण्याच्या पाण्याचा जलधर, म्हणजे भूजल साठवणारा खडकाचा थर, आहे. दूषित पाणी उपसून, त्यातले क्षार काढून परत सोडण्याचे काम कित्येक दशके चालणार आहे.

पिण्याच्या पाण्यातली मर्यादा

जागतिक आरोग्य संघटनेची मार्गदर्शक मर्यादा लिटरला ३० मायक्रोग्रॅम आहे. भारतीय मानक ब्यूरोने २०२१ मध्ये तीच स्वीकारली. त्याआधी अणुऊर्जा नियामक मंडळाची ६० मायक्रोग्रॅमची मर्यादा प्रचलित होती. ही मर्यादा किरणोत्सारापेक्षा रासायनिक विषारीपणावर ठरवली आहे, हे पुष्कळांना माहीत नसते. पाण्यातले युरेनियम मुख्यतः मूत्रपिंडातील सूक्ष्म नलिकांना इजा करते. रेडियमचे तसे नाही: शरीर त्याला कॅल्शियम समजून हाडांत साठवते आणि तिथे त्याचा किरणोत्सार चालू राहतो. म्हणून खाणीच्या परिसरात नुसते युरेनियम तपासून भागत नाही.

युरेनियमयुक्त पाण्याला रंग, वास, चव काही नसते. उकळल्याने ते जात नाही, उलट पाणी आटून प्रमाण वाढते. साध्या कापडी किंवा क्लोरीनच्या उपायांचाही उपयोग नाही. आरओ आणि आयन-विनिमय रेझिन काम देतात, मात्र आरओतून बाहेर टाकलेल्या पाण्यात तेच युरेनियम अधिक दाट होऊन येते. पंजाब, राजस्थानात जवळपास खाण नसतानाही भूजलात युरेनियम सापडते. ते खडकातले आहे आणि अतिउपसा व खतांतल्या नायट्रेटमुळे सुटते. खाणीवर ठपका ठेवण्याआधी किंवा तिला निर्दोष ठरवण्याआधी हा फरक पाहावा लागतो.

नंतरची साफसफाई

पूर्व जर्मनीत विस्मुट कंपनीने १९४६ ते १९९० या काळात सुमारे २,३१,००० टन युरेनियम काढले. एकीकरणानंतर सॅक्सनी आणि थुरिंजियातील बोगदे पाण्याने भरू दिले. वर येणारे पाणी शुद्ध करणारी केंद्रे अजून चालू आहेत आणि एकूण खर्च अब्जावधी युरोंचा आहे. अमेरिकेने १९७८ मध्ये युरेनियम टेलिंगसाठी वेगळा कायदा केला. त्याखालील नियमांनुसार गाळावरचे आच्छादन शक्य तिथे १,००० वर्षे, आणि निदान २०० वर्षे टिकायला हवे. युटातील मोआब गावाजवळ कोलोराडो नदीच्या अगदी काठावर सुमारे १.६ कोटी टन गाळाचा ढीग होता आणि त्यातून अमोनिया व युरेनियम नदीकडे झिरपत होते. ढीग जागेवर झाकण्याचा पर्याय बाजूला ठेवून तो सुमारे ५० किलोमीटर दूर, क्रेसेंट जंक्शनजवळच्या कोरड्या जागी हलवायचे ठरले. २००९ मध्ये तो रेल्वेने वाहून नेण्यास सुरुवात झाली, आणि जुन्या जागेखालचे भूजल उपसणेही त्याबरोबर चालू ठेवावे लागले.