बचावाची परवानगी (संक्षिप्त दाव्यातील)

दिवाणी प्रक्रिया संहिता, 1908 मधील आदेश 37 खाली दाखल झालेल्या संक्षिप्त दाव्यात (नेहमीची पूर्ण सुनावणी टाळून झटपट निकाल देण्याच्या दाव्यात) प्रतिवादीला कैफियत मांडण्यापूर्वी न्यायालयाकडून घ्यावी लागणारी अनुमती. वकिलांच्या बोलण्यात हिला ‘लीव्ह टू डिफेंड’ म्हणतात. वचनचिठ्ठी, हुंडी, धनादेश, हमीपत्र किंवा लेखी करारातून निघणारी निश्चित रक्कम यांवर मुख्यतः असा दावा चालतो. बँकेचे बहुतेक कर्जदस्तऐवज त्यात बसतात.

समन्स बजावल्यापासून 10 दिवसांत प्रतिवादीने हजेरी नोंदवायची असते. ती न नोंदवल्यास दाव्यातील कथने कबूल धरून हुकूमनामा होतो. हजेरीनंतर वादी न्यायनिर्णयासाठीचे समन्स बजावतो आणि त्यापुढील 10 दिवसांत प्रतिज्ञापत्रासह परवानगीचा अर्ज करावा लागतो. पुरेसे कारण दाखवल्यास विलंब माफ होतो.

या पद्धतीचे मूळ सामान्यतः विनिमयपत्रांवरील दाव्यांसाठीच्या 1855 च्या इंग्लिश कायद्यात शोधले जाते. 1875 च्या इंग्लिश न्यायालयीन नियमांतील, निश्चित रकमेच्या मागणीवर वादीने तत्काळ निर्णय मागण्याची तरतूद हाही तिचा एक स्रोत मानता येतो. आदेशाचा मूळ सांगाडा पहिल्याचा आणि 1976 च्या दुरुस्तीनंतरचे रूप दुसऱ्याच्या अधिक जवळचे, असे म्हणणे सयुक्तिक ठरेल.

परवानगी कोणत्या कसोटीवर द्यायची, हा खरा वादाचा मुद्दा. किरणमयी दासी प्रकरणात (1945) कलकत्ता उच्च न्यायालयाने घातलेली सूत्रे पुढे मेकॅलेक प्रकरणात (1976) सर्वोच्च न्यायालयाने स्वीकारली. बचाव केवळ आभासी असला, तरी दावा-रक्कम जमा करण्याच्या अटीवर दयाबुद्धीने परवानगी देता येते, असे त्यांपैकी एक सूत्र होते. त्याआधी संतोषकुमार प्रकरणात (1958) प्रतिवादीचे म्हणणे होते की धनादेश केवळ तारण म्हणून दिला होता आणि मालाची किंमत अन्य मार्गाने चुकती झाली आहे. पुष्ट्यर्थ कागद जोडले नव्हते, म्हणून खालच्या न्यायालयाने तारणाची अट घातली. सर्वोच्च न्यायालयाने ती रद्द केली. मेकॅलेकचा निकाल 1976 ची दुरुस्ती 1 फेब्रुवारी 1977 रोजी अमलात येण्यापूर्वीचा आहे, याकडे पुष्कळ काळ दुर्लक्ष झाले. दुरुस्तीनंतर भरीव बचाव नसेल किंवा तो निरर्थक अथवा त्रासदायक असेल, तरच परवानगी नाकारता येते. हबटाऊन प्रकरणात (2016) सर्वोच्च न्यायालयाने जुनी सूत्रे आणि दुरुस्त नियम यांतील ही विसंगती दूर केली. भरीव बचावाला बिनशर्त परवानगी, चौकशीयोग्य पण प्रामाणिकपणाबद्दल शंका असलेल्या बचावाला सशर्त, आणि संभवनीय वाटूनही पटण्याजोगा नसलेल्या बचावाला व्याजासह संपूर्ण मुद्दल भरण्यापर्यंतची अट, अशी श्रेणी त्यात आहे. कबूल असलेली रक्कम मात्र आधी भरावीच लागते. जुनी सूत्रे अजूनही अर्जांत उद्धृत होतात. ती जपूनच वाचावीत.

बँकांच्या दाव्यांत ‘कोऱ्या कागदांवर सह्या घेतल्या’ हा नेहमीचा बचाव. परक्राम्य संलेख अधिनियमाच्या (वचनचिठ्ठी, हुंडी, धनादेश यांविषयीच्या कायद्याच्या) कलम 20 नुसार मुद्रांकित अपूर्ण कागद पुरा करण्याचा अधिकार धारकाला मिळत असल्याने नुसत्या या विधानावर फारसे साधत नाही. हप्ते भरल्याच्या तारखा, चुकीच्या व्याजआकारणीच्या नोंदी किंवा मुदतीचा प्रश्न दाखवला, तर वजन पडते. कर्जाची लेखी कबुली तीन वर्षांची मुदत उलटल्यावर घेतलेली असेल, तर मुदत अधिनियमाच्या (दावा किती काळात लावावा हे ठरवणाऱ्या कायद्याच्या) कलम 18 खाली मुदत वाढत नाही, आणि एवढ्या एका तारखेवर बिनशर्त परवानगी मिळू शकते. जामीनदाराचे बचाव कर्जदारापेक्षा वेगळे असू शकतात.

1993 च्या कर्जवसुली अधिनियमाने ठरावीक रकमेवरील बँक-कर्जे न्यायाधिकरणाकडे गेली. आरंभी ही मर्यादा 10 लाख रुपये होती, ती 2018 मध्ये 20 लाख झाली; त्यामुळे दिवाणी न्यायालयांत बँकांचे लहान दावेच उरतात. महाराष्ट्रातील सहकारी बँका बहुधा 1960 च्या सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम 101 खाली वसुली दाखला घेतात.

हुकूमनामा झाल्यावर आदेश 37 च्या नियम 4 खाली तो रद्द करण्यासाठी विशेष परिस्थिती दाखवावी लागते; शिवाय परवानगी मिळण्याजोगा बचाव आपल्याकडे आहे, हेही त्याच अर्जात मांडावे लागते.